दहाचा उजवा, आठचा डावा

भिवाजी धोटे या नावानं विचारलं तर सौसरात कोणी घर दाखवणार नाही. "ठोके भाऊ" म्हणा, ऑटोवाला दारापर्यंत आणून सोडेल. हातात आलेली वस्तू बोटाच्या पेरानं ठोकून पाहिल्याशिवाय या माणसाचा तिच्यावर भरवसाच बसत नाही. टरबूज ठोकणं, मडकं ठोकणं समजण्यासारखं आहे. पण हा गडी बँकेतल्या काउंटरची काच ठोकतो, नवीन डॉक्टरच्या टेबलाचं लाकूड ठोकतो. पोरीचं, प्रणालीचं, लग्न ठरलं तेव्हा सुपारी फुटायच्या आधी होणाऱ्या जावयाच्या पाठीवर यांनी अशी काही थाप दिली की बैठकीतल्या बायकांनी पदर तोंडाशी नेले. "पाहून घ्या बरोबर, हा माल वापस नाही होत," असं त्यांची बायको शकुबाई तिथंच म्हणाली म्हणतात. ती असं म्हणाली नसेल, असं तिला ओळखणाऱ्या कोणालाही वाटत नाही.

तर हे भिवाजी सौसरहून रामाकोन्याकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका रोलिंग मिलमध्ये सव्वीस वर्षांपासून स्टोअरकीपर. भंगार वितळवून सळया काढायचं काम. आत आग, बाहेर ऊन, आणि मधे भिवाजींचं टिनाचं स्टोअर. गिरणीत शिरणारा एकेक नट, एकेक हातमोजा, एकेक बूट आधी यांच्या पेराखालून जाणार. सेफ्टी बुटाच्या चवड्याशी, चामड्याच्या आत, लोखंडाची टोपी असते. पायावर काही पडलं तर बोटं वाचावी म्हणून. चांगली टोपी ठोकली की ठण्ण वाजते. एकदा मार खाल्लेली टोपी बाहेरून कितीही गुळगुळीत केली तरी थद्द वाजते. हा फरक ऐकायला कान लागतो, आणि तो कान भिवाजींना होता. पुढचं सगळं त्या कानापायीच झालं.

आता बापूजीचं सांगितलं पाहिजे. बापूजी सळयांचे गठ्ठे बांधायचा. माणूस हसरा, पण उजवा पाय हत्तीपायाचा. गुडघ्याखाली फुगून खांबासारखा झालेला. डावा पाय आठ नंबरचा, उजव्याला दहाचा बूट लागायचा, तोही नाडी न बांधता. चालायचा तेव्हा डावा पाय ठप पडायचा आणि उजवा मागून सर्रर घासत यायचा. ठप, सर्रर. ठप, सर्रर. गिरणीच्या एवढ्या गोंगाटात भिवाजी स्टोअरमध्ये बसल्या बसल्या सांगायचे, बापूजी आला.

बूट तर जोडीनं येतात. मग बापूजीसाठी दोन डबे फोडावे लागत. दहाचा उजवा आणि आठचा डावा त्याला दिला की दहाचा डावा आणि आठचा उजवा मागे उरायचे. ते दोघं अनाथ वरच्या फळीवर धूळ खात बसले होते.

"बापूजी, तुह्याच्या उलटा माणूस कोठं भेटला तर पाठव," भिवाजी म्हणायचे. "हे दोन त्याच्या पायात घालतो."

"पाठवीन ना ठोके भाऊ," बापूजी म्हणायचा. "दुनियेत हरेक जोड्याचा जोडीदार असते. वेळ लागते, पण येते."

मग एक दिवस गठ्ठा सरकला आणि सळया थेट बापूजीच्या उजव्या चवड्यावर आल्या. पाय वाचला, टोपी दबली. एकदा मार खाल्लेला बूट पुन्हा पायात घालायचा नाही, हा नियम. बूट स्टोअरमध्ये आला, भिवाजींनी ठोकून पाहिला. थद्द. त्यांना कळलं. पण नवीन द्यायचा म्हणजे पुन्हा दोन डबे फोडा, पुन्हा दोन अनाथ, पुन्हा साहेबाचे प्रश्न. ते म्हणाले, "पुढच्या महिन्यात देतो." बापूजी हसला, आतून हातोडी मारून त्यानं टोपीचा पोचा काढला आणि तोच बूट घालून निघून गेला. पुढचा महिना आला तसा गेला. त्याच्या पुढचाही गेला. मग फाल्गुनातल्या एका शनिवारी दुपारच्या भोंग्यानंतर बापूजी फाटकाबाहेरच्या लिंबाखाली डबा खायला बसला तो उठलाच नाही. डॉक्टर म्हणाला, हृदय. बुटाचा त्यात काही संबंध नव्हता. सगळे म्हणाले, संबंध नव्हता. भिवाजीही म्हणाले. अंमळ जास्तच वेळा म्हणाले.

त्याच लिंबाखाली शनीचा ओटा आहे. पायातला जुना जोडा शनिवारी तिथं सोडला की त्याच्यासंगं पनवतीही सुटते, असं या भागात मानतात. परीक्षेत नापास झालेले, नोकरी सुटलेले, सगळे आपापले जोडे तिथं सोडून अनवाणी घरी येतात. मेलेल्या माणसाचे तर सोडावेच लागतात. बापूजीच्या बायकोनं, अंबाबाईनं, पुढच्याच शनिवारी ते दोन्ही बूट नाड्यांची गाठ मारून ओट्यावर ठेवले आणि मागं न पाहता निघून गेली. मागं पाहायचं नसते. रविवारी सकाळी ओटा रिकामा. तो दर रविवारी रिकामाच असतो.

इथं एक गंमत आहे. सौसरात कोणाकडे काल कोणती भाजी झाली, ती का करपली आणि करपली तेव्हा सून फोनवर कोणाशी बोलत होती, हे सकाळी नळावर कळते. पण शनीच्या ओट्यावरचे जोडे कोण नेतो, हे चाळीस वर्षांत कोणी विचारलं नाही. विचारलं की पनवती पत्ता विचारत घरी येते म्हणतात. एवढ्या बोलघेवड्या गावानं एवढी एकच गोष्ट न बोलता ठेवली, आणि तीच नडली.

बापूजीला जाऊन चार वर्षं झाली. यंदा उन्हाळ्याच्या तोंडाशी मॅनेजर वीरेंद्रसाहेबांनी भिवाजींना बोलावलं. सळया घेणारी एक मोठी पार्टी मंगळवारी गिरणी पाहायला येणार होती. त्यांची अट अशी की कामगारांच्या पायात देशातच तयार झालेले, आयएसआय छापाचे सेफ्टी बूट पाहिजेत, आणि ते तपासून पास केल्याची स्टोअरकीपरची सही पाहिजे. बेचाळीस जोड्या, आणि चाचणीत मार खायला तीन जास्तीच्या.

"माल सांगून दिला आहे," वीरेंद्रसाहेब म्हणाले. "पांढुर्ण्याचे केशवराव. तुमचे नातेवाईकच आहेत म्हणे. म्हणजे चिंता नाही."

नातेवाईक म्हणजे कोण, तर प्रणालीचा सासरा. भिवाजींचा इवाई. केशवरावांचं पांढुर्ण्याला चपला-बुटांचं दुकान. माणूस गोड. एवढा गोड की बोलून गेल्यावर खुर्चीला मुंग्या लागाव्या. आणि प्रणालीला सातवा महिना. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून येत्या रविवारी केशवराव तिला सौसरला आणून सोडणार होते. शकुबाईनं डिंकाचे लाडू आधीच करून ठेवले होते. सातव्यात पाठवलं नाही तर आठव्यात पाठवत नाहीत, आठवा म्हणजे प्रवासाला नाट. आणि पोरीचं रक्त कमी निघालेलं, डॉक्टरनं आराम सांगितलेला. सासरी तिला आराम कसा मिळतो, हे सांगायला नळावर जायचीही गरज नव्हती.

गुरुवारी माल आला. डबे नवीन, बूट चकचकीत, नवीन रबराचा वास. भिवाजी कामाला लागले. छाप पाहिला, बरोबर. छापाखालचा परवान्याचा नंबर मोबाइलवर टाकला, तर बूट करणाऱ्या कारखान्याचं नाव निघालं, परवाना चालू. तपासणीचा कागद पाहिला, शिक्का खरा. जिभेला आतून शिवलेल्या पट्टीवर यंदाचं साल. मग त्यांची स्वतःची चाचणी. वावरातली काळी माती भिजवून तिचा गोळा बुटाच्या चवड्यात बसवायचा आणि जुन्या तराजूचं वीस किलोचं वजन एक मीटरवरून टोपीवर सोडायचं. माती अंगठ्याएवढी उभी राहिली तर बोटं वाचली. चपटी झाली तर बोटं गेली. केशवरावांच्या ड्रायव्हरनं वरचे तीन डबे आपणच काढून हातात दिले. तिन्ही बूट ठण्ण वाजले, तिन्ही मात्या उभ्या राहिल्या. दिवस मावळला, बाकीचे शनिवारी ठोकू म्हणून भिवाजींनी ते हेल्परकडून मांडणीवर लावून घेतले, चवडे भिंतीकडे, टाचा बाहेर. सव्वीस वर्षांची सवय.

शुक्रवारी दुपारी बाराचा भोंगा झाला. गिरणी थांबली. ऊन असं की रस्त्यावरचं डांबर डोळ्यांना पाण्यासारखं दिसावं. सगळे जेवायला लिंबाखाली गेले आणि स्टोअरमध्ये भिवाजी एकटे. भर दुपारी बाराला एकट्यानं बसू नये म्हणतात. पण टिनाखालीच पंखा होता आणि बाहेर नव्हता, म्हणून ते बसले.

डब्याचं झाकण उघडलं तोच आवाज आला. मांडणीच्या मागून.

ठप. सर्रर.

भिवाजींचा हात पोळीवर तसाच राहिला. उन्हानं टिन तडतडते हे त्यांना माहीत होतं. उंदीर माहीत होते, मांजर माहीत होती. पण टिनाला पाय नसतात, आणि उंदीर उजवा पाय ओढत नाही. ते उठून मागं गेले. कोणी नव्हतं. फक्त बेचाळीस जोड्यांपैकी एक जोडी वळलेली होती. बाकी सगळ्यांचे चवडे भिंतीकडे. तिचे दाराकडे.

कोणाची तरी मस्करी, असं म्हणून त्यांनी ती सरळ केली. सरळ करताना ठोकायची राहून गेली. आयुष्यात पहिल्यांदा.

संध्याकाळी शकुबाईनं ताट वाढता वाढता पाहिलं.

"काय झालं? पोळी ठोकून नाही पाहिली आज?"

"गप राहा ना."

"गप राहून काय होते? लाडू संपवून राहिले तुम्ही. पोरीसाठी केले होते."

तेवढ्यात प्रणालीचा फोन आला. आवाज थकलेला. रविवारच्या गाडीचं मामाजी बोलले आहेत म्हणाली, मामाजी म्हणजे सासरे. मग म्हणाली, "बाबा, मले इथून लवकर न्या. मागच्या खोलीत दोन माणसं दिवसभर जोडे घासून राहिले. ते सोल्युशन, ते पॉलिश. वासानं उलट्या होऊन राहिल्या."

"कायचे जोडे?"

"जुने. गोणीच्या गोण्या येतात. दर रविवारी."

भिवाजींनी फोन शकुबाईच्या हातात दिला आणि अंगणात जाऊन उभे राहिले.  शेजारची मंगला दुसऱ्या दिवशी सांगत होती की ठोके भाऊ अंधारात संत्र्याचं झाड ठोकत होते.

शनिवारी दुपारी भोंगा झाला. भिवाजींनी डबा उघडलाच नाही. स्टुलावर ताठ बसले, तोंड मांडणीकडे. घाम मानेवरून पाठीत चालला होता आणि तरी अंगावर काटा होता. पंखा फिरत होता. बाहेर लिंबाखाली कोणी तरी हसलं, मग तेही गेलं.

ठप. सर्रर. ठप.

आणि थांबलं. ते मागं गेले. तीच जोडी. चवडे दाराकडे.

या वेळी त्यांनी ती उचलली. एक हात खाली गेला, एक वर राहिला. एक बूट जड, एक हलका. टेबलावर शेजारी ठेवले तर उजवा बोटभर लांब. डब्यावर नऊ लिहिलेलं. उजवा दहाचा, डावा आठचा.

भिवाजी शिडी लावून वर चढले आणि चार वर्षांची धूळ झटकून फळीवरचे दोन अनाथ खाली आणले. दहाचा डावा. आठचा उजवा. चौघं टेबलावर मांडले. मग ब्लेड घेऊन नव्या बुटांच्या जिभेवरची यंदाच्या सालाची पट्टी उसवली. पट्टीखाली जुना शिक्का होता. महिना, साल. अनाथांच्या जिभेवर तोच महिना, तेच साल. तळवा नवीन चिकटवलेला, चामडं रंगवलेलं, नाड्या नव्या. कारखाना खरा, छाप खरा, नंबर खरा. जोडा मात्र मेलेल्या माणसाचा.

त्यांनी दहाच्या उजव्याची टोपी ठोकली.

थद्द.

चार वर्षांपूर्वी हाच आवाज याच टेबलावर त्यांनी ऐकला होता आणि पुढच्या महिन्यात देतो म्हणाले होते. मग ते एकेक जोडी ठोकत सुटले. ठण्ण, थद्द, थद्द, ठण्ण, थद्द. अर्धा माल मार खाल्लेला. ओट्यावर सोडलेली सगळ्या गिरण्यांची पनवती रंग लावून, डब्यात बसून, त्यांच्या सहीसाठी वापस आली होती.

"काय इवाई, जेवणं झाले का?"

दारात केशवराव. पांढरा सदरा, हातात संत्राबर्फीचा डबा. भिवाजी दचकले, मग त्यांनी स्टूल पुढं केलं.

"या इवाई. बसा. पाणी घ्या."

"पाणी-बिणी राहू द्या. सही घेऊन जातो. उद्या प्रणालीले आणून सोडायचं आहे, गाडी सांगून राहिलो." केशवरावांनी बर्फीचा डबा टेबलावर ठेवला, चार बुटांच्या शेजारी. बुटांकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली. "सही झाली की गाडी पक्की. नाही तर मंग सातवाही सरून राहिला. आठव्यात काही आमच्याकडे पाठवत नाही."

असं ते गोड बोलणं. ऐकणाऱ्याला वाटावं, पंचांग सांगून राहिले.

"सहीचं काय, करू ना," भिवाजी म्हणाले. "पण एक चाचणी राहिली. तुमचा पाय आठचा ना?"

"आठचा. कायले?"

"हा जोडा घाला बरं. माल इवायाचा, तर पायही इवायाचाच पाहिजे."

केशवराव हसले. चेष्टा इवायांत चालतेच. चपला काढून त्यांनी बूट घातले. डावा बरोबर बसला. उजव्यात पाय हरवला.

"हा मोठा दिसते."

"चालून दाखवा."

केशवराव दाराकडे चालले. सैल बूट पायातून निसटू नये म्हणून उजवा पाय उचलता येईना, ओढावा लागे. ठप. सर्रर. ठप. सर्रर. भिवाजींनी डोळे मिटले. चार पावलांवर केशवराव थांबले.

आवाज एक पाऊल पुढं गेला.

ठप. सर्रर.

केशवरावांनी मागं पाहिलं, मग खाली स्वतःच्या पायांकडे. "कोण आहे मांडणीमागं?"

"कोणी नाही. सगळे लिंबाखाली आहेत."

"टिन वाजलं असन."

"असन." भिवाजींनी वीस किलोचं वजन दोन्ही हातांनी छातीपर्यंत उचललं. सत्तावन्न वर्षांचे हात, पण हलले नाहीत. "उजवा पाय पुढं घ्या, इवाई. एक मीटरवरून सोडतो. टोपी पक्की आहे ना?"

"आयएसआय आहे," केशवराव म्हणाले. आवाजातली साखर उतरली होती.

"मंग हलू नका."

टिनाखाली पंख्याशिवाय काही वाजत नव्हतं. केशवरावांच्या कपाळावरून घामाचा एक थेंब नाकावर आला आणि तिथंच लोंबकळत राहिला. ते भिवाजींकडे पाहत होते, तो माणूस मस्करी करत नाही हे त्यांना कळत होतं. आणि भिवाजी पाहत होते त्यांच्या खांद्यावरून मागं, जणू तिथं कोणी तिसरा रांगेत उभा आहे.

केशवरावांनी पाय काढून घेतला. बूट जागेवरच राहिला. नुसता पाय तेवढा मागं आला.

भिवाजींनी वजन खाली ठेवलं, मातीचा गोळा बुटात बसवला, वजन पुन्हा उचललं आणि सोडलं. आवाज असा झाला की लिंबावरचे कावळे उडाले. मग हात घालून माती काढली. तिची भाकर झाली होती. आणि त्या भाकरीच्या खालच्या अंगाला पाच उंचवटे होते, वर्षानुवर्षं एकाच पायानं आत खळगे केलेले, त्यांचा ठसा. एक मोठा, चार लहान, सगळे सुजलेले.

"ही कोणाची बोटं आहेत, मालूम आहे का?" भिवाजींनी ती भाकर इवायासमोर धरली. "बापूजीची. त्याच्या बायकोनं हा जोडा शनीले दिला होता."

केशवरावांचे ओठ सुकले होते. तरी व्यापारी माणूस. म्हणाले, "शनिवारी सोडलेला जोडा कोणाचाच नसते, इवाई. पडून सडते. मी तर त्याचं सोनं केलं."

"कोणाचाच नसते, तर वापस कायले आला?"

यावर केशवरावांनी एकदा मांडणीकडे पाहिलं.

"याची टोपी चार वर्षांमागं मीच चालवून घेतली होती," भिवाजी म्हणाले. हे त्यांनी शकुबाईलाही कधी सांगितलं नव्हतं. "एकदा. तेव्हा तो हसत घेऊन गेला. दुसऱ्यांदा नाही चालवत. बेचाळीस माणसं आहेत बाहेर, त्यांचे पाय मले पाठ आहेत. पोरीले पाठवा, नाही तर नका पाठवू. तुमचा धर्म तुम्ही पाहा."

आणि त्यांनी कागदावर, जिथं "पास" लिहायचं होतं तिथं, "नामंजूर" लिहून सही केली. मोठी, जाड. 

केशवराव एका पायात बापूजीचा बूट आणि दुसरा पाय उघडा, असे दारापर्यंत गेले. तिथं लक्षात येऊन त्यांनी डावा बूट काढून उंबऱ्यावर ठेवला आणि चपला हातात घेऊन अनवाणी उन्हात चालू लागले. शनिवार होता. फाटकावरच्यांनी ते पाहिलं आणि हात जोडले. त्यांना वाटलं, काही नवस असेल. बर्फीचा डबा तिथंच राहिला. तो भिवाजींनी ठोकूनही पाहिला नाही.

संध्याकाळी घरी सांगितलं तेव्हा शकुबाई उठून आत गेली. लाडवांचा डबा काढला, मोजले, ठेवून दिला. रविवारी सकाळी तिनं तरीही पुरणाचं घातलं. दहा वाजले, अकरा वाजले. गाडी आली नाही. बारा वाजता तिनं चूल आटोपती घेतली.

"पांढुर्ण्यात दगडांची गोटमार वर्षातून एकदा होते, तेवढी पुरे नव्हती का?" ती म्हणाली. "आता पांढुर्ण्याशी घरातूनच दगडफेक. पोरीचं काय करून ठेवलं तुम्ही?"

भिवाजींनी रस्त्याकडे पाहिलं. ते दारात उभे होते, आणि म्हणून बसस्टँडकडून येणारी दोन माणसं त्यांनाच आधी दिसली. पुढं जावई कुलदीप, दोन्ही हातांत बॅगा. मागं प्रणाली, पोट सांभाळत, छत्री धरून.

"गाडी नाही दिली मामाजीनं," घरात आल्यावर पाणी पिऊन ती म्हणाली. "पण सकाळी उठून म्हणाले, जा. आत्ताच जा. आणि रस्त्यानं त्या लिंबाकडे पाहू नको."

"आणखी काय म्हणाले?"

"काही नाही. काल आल्याबरोबर गोण्या साऱ्या नदीकडं नेऊन जाळल्या. आणि उजव्या पायात चप्पल नाही घालून राहिले. पाय जड झाला म्हणतात. दिसत तर काही नाही." ती हसली. "आई, लाडू कोठं आहेत?"

शकुबाईनं डबा तिच्यापुढं ठेवला आणि मग नवऱ्याकडं पाहून म्हणाली, "तुम्ही काय पाहून राहिले? पोरगी आहे. ठोकायची नाही."

मंगळवारी पार्टी आली. वीरेंद्रसाहेब भिवाजींवर दोन दिवस धुमसत होते. पण पाहुण्यांनी तो नामंजुरीचा कागद दोनदा वाचला, एकमेकांकडं पाहिलं आणि बुटांसाठी पंधरा दिवस देऊन गेले. नवीन माल दुसरीकडून आला. भिवाजींनी चौऱ्याऐंशीच्या चौऱ्याऐंशी टोप्या ठोकल्या. त्या दिवशी गिरणीबाहेरच्या लोकांना देवळात घंटा वाजते असं वाटलं म्हणे.

तेव्हापासून गिरणीत एक नियम झाला. जुना बूट शनीला सोडायचा असेल तर खुशाल सोडा, पण आधी स्टोअरमध्ये आणा. भिवाजी कोयत्यानं त्याला टोपीमागून टाचेपर्यंत उभा चिरून देतात. चिरलेला जोडा कोणी नेत नाही. आता रविवारी सकाळी ओटा रिकामा नसतो. फाटक्या बुटांचा ढीग वाढतोय, आणि सौसरची माणसं त्याच्याकडं न पाहता लांबून जातात.

पहिले चार बूट भिवाजींनी स्वतः चिरले. बापूजीचे दोन आणि फळीवरचे अनाथ दोन. एकमेकांच्या जोडीनं लावले, दहाला दहा, आठला आठ, आणि शनिवारी ओट्यावर नेऊन ठेवले. अंबाबाई आली होती. तिनं हात जोडले आणि मागं न पाहता गेली. भिवाजीही मागं न पाहता आले.

रविवारी तीन होते. दहाचा उजवा नव्हता.

केशवराव शपथेवर सांगतात, त्यांनी पांढुर्ण्याच्या बाहेर पाऊल टाकलेलं नाही. आणि ते खरं असावं, कारण अजूनही ते लंगडतच चालतात. कुत्र्यानं नेला असेल असं वीरेंद्रसाहेब म्हणतात. नेला असेल.  भिवाजी दुपारच्या भोंग्यानंतर स्टोअरचं दार उघडं ठेवून बसतात. आता आतून काही ऐकू येत नाही. बाहेर, रस्त्याच्या कडेनं, लिंबापासून रामाकोन्याच्या बाजूला काही तरी जातं कधी कधी. ठप वाजत नाही, डावा तर अजून ओट्यावरच आहे. नुसतं सर्रर. मग थोडं थांबून, सर्रर.